नाव मधाचे, गाव चिखलाचे

मिथेन हा शब्द आणि आपल्या घरातला मध हे एकाच घराण्यातले. संस्कृतातला ‘मधु’ आणि प्राचीन ग्रीकमधला ‘मेथु’ ही सख्खी भावंडे आहेत. आपल्याकडे हा शब्द मधाशी आणि गोडव्याशी राहिला, ग्रीकांकडे तो द्राक्षाच्या दारूकडे सरकला. इंग्रजीत ‘मीड’ म्हणजे मध आंबवून केलेली दारू, लिथुआनियन भाषेत ‘मेदुस’ म्हणजे मधच, आणि रशियन माणूस अस्वलाला ‘मेदवेद’ म्हणतो, म्हणजे मध खाणारा. जांभळ्या खड्याचे ‘अ‍ॅमेथिस्ट’ हे नावही याच कुळातले. तो जवळ असला की नशा चढत नाही अशी ग्रीकांची समजूत होती, म्हणून ‘अ-मेथुस्तोस’, न झिंगणारा.

या गोड शब्दाची गाठ हवा तापवणाऱ्या वायूशी पडली ती पॅरिसमधल्या दोन रसायनशास्त्रज्ञांमुळे. लाकूड बंद भांड्यात तापवले की त्यातून एक दारूसारखा द्रव निघतो, हे बऱ्याच आधीपासून ठाऊक होते. त्याला लाकडाचा अर्क म्हणत. झाँ-बाप्तिस्त द्युमा आणि युजेन पेलिगो यांनी १८३४च्या सुमारास त्याची रचना शोधली आणि त्याच्या मुळाशी असलेल्या घटकाला ग्रीक नाव दिले: ‘मेथु’ म्हणजे दारू, ‘हुले’ म्हणजे लाकूड, दोन्ही मिळून ‘मेथिलीन’. त्यावरून ‘मेथिल’ झाले, आपल्या पाठ्यपुस्तकांत ते ‘मिथाइल’ होऊन आले. १८६६मध्ये आउगुस्ट विल्हेल्म हॉफमन या जर्मन शास्त्रज्ञाने कार्बन-हायड्रोजनच्या संयुगांना शिस्तीत नावे द्यायची पद्धत सुचवली. हायड्रोजन जसजसा कमी होईल तसतसा शेवटचा स्वर ए, ई, आय, ओ, यू असा बदलायचा. एका कार्बनला चार हायड्रोजन, म्हणजे भरलेले घर, म्हणून पहिला स्वर. अशा रीतीने ‘मिथेन’ जन्मला.

थोडक्यात, मिथेनमध्ये दारू नाही आणि लाकूडही नाही. दारूचे नाव लाकडाच्या अर्काला मिळाले, अर्काचे त्यातल्या घटकाला आणि घटकाचे वायूला. ही नावाची साखळी नीट जुळलेली असली, तरी तिच्यात हा वायू येतो कुठून याचा पत्ता कुठेच नाही.

‘लाकडाची दारू’ हा अर्थ मात्र आपल्याकडे दोन ठिकाणी जिवंत आहे. एक गडचिरोलीच्या जंगलात, मोहाच्या दारूत. संस्कृत ‘मधूक’, प्राकृत ‘महुअ’ आणि मराठी ‘मोह’ अशी त्या झाडाच्या नावाची वाट आहे. मुळाशी तोच ‘मधु’, तेव्हा मोह हा मिथेनचा लांबचा नातलग लागतो. दुसरे ठिकाण दुःखाचे आहे. विषारी दारूच्या बातम्यांत जे ‘मिथाइल अल्कोहोल’ किंवा ‘मिथेनॉल’ असते, ते म्हणजे द्युमा आणि पेलिगो यांचाच लाकडाचा अर्क. २०१५च्या जूनमध्ये मालाडच्या मालवणीत त्याने शंभराहून अधिक माणसे मारली.

प्रयोगशाळेने नाव देण्याआधीही हा वायू होताच, आणि ज्यांना तो भेटला त्यांनी आपापली नावे दिली होती. त्या जुन्या नावांत पत्ता आहे. मला ती या कारणासाठी मोलाची वाटतात: आज मिथेन आवरायचा म्हटले, तर पहिला प्रश्न तो निघतो कुठून हाच असतो.

पहिला पत्ता पाणथळीचा. १७७६च्या नोव्हेंबरमध्ये अलेस्सांद्रो व्होल्टा, ज्याच्या नावावरून आपण विजेचा ‘व्होल्ट’ मोजतो, उत्तर इटलीतल्या माज्जोरे सरोवराच्या काठी आंजेराजवळ होता. काठाशी बोरू उगवलेले, तळाशी कुजलेल्या पाल्यापाचोळ्याचा गाळ. त्याने काठीने तो गाळ ढवळला, बुडबुडे वर आले, आणि पाण्याने भरून उलट्या धरलेल्या बाटलीत त्याने ते पकडले. मेणबत्तीची ज्योत लावताच ती हवा निळसर, संथ ज्वाळेने जळली. पुढच्याच वर्षी त्याने पत्ररूपाने पुस्तक छापले. त्यात या वायूला त्याने दिलेल्या नावाचा मराठीत अर्थ होईल ‘दलदलींची उपजत ज्वालाग्राही हवा’. नाव लांबलचक खरे, पण त्यात सगळे आले: कुठे होते, काय करते आणि कुणी न बनवता आपोआप होते.

मराठीत चिखलाच्या शब्दांना तोटा नाही. गाळ, रेंदा, खाजण, पाणथळ. त्यातला ‘चिबड’ मला फार अचूक वाटतो. ऊसपट्ट्यात पाणी जास्त होऊन, निचरा न होऊन जी जमीन नासते ती चिबड. तिथे मुळांना हवा मिळत नाही, पीक पिवळे पडते. जिथे हवा पोहोचत नाही तिथेच मिथेन करणारे सूक्ष्मजीव फोफावतात. प्राणवायू त्यांना विषासारखा. म्हणजे शेतकऱ्याने एका शब्दात जी अवस्था टिपली, तीच मिथेनच्या जन्माची अट आहे.

दुसरा पत्ता कोळशाच्या खाणीचा. इंग्लंडमधले खाणकामगार त्याला ‘फायरडॅम्प’ म्हणत. यातला ‘डॅम्प’ म्हणजे ओल नव्हे, तर जर्मन ‘डाम्फ’चा भाऊ, वाफ किंवा धूर. पेट घेणारी ती फायरडॅम्प, श्वास कोंडणारी ब्लॅकडॅम्प, स्फोटानंतर उरणारी आफ्टरडॅम्प. भीतीच्या पोटी माणसांनी हवेचे प्रकार पाडले होते. १८१२मध्ये फेलिंग खाणीतल्या स्फोटात ९२ जण गेले, त्यानंतर १८१५मध्ये हम्फ्री डेव्हीने जाळीचा दिवा केला. त्या दिव्याने जीव वाचवला आणि मोजमापही दिले: हवेत मिथेन असला की बारीक केलेल्या ज्योतीवर फिकट निळी टोपी दिसे, आणि टोपी किती उंच यावरून खाणकामगार धोका ओळखत. आपल्याकडच्या झरिया-धनबादच्या पट्ट्यात आजही कोळशाच्या थराला किती गॅस सुटतो यावरून ‘डिग्री’ लावतात, आणि डिग्री तीन म्हटले की खाणीतला माणूस सावध होतो.

तिसरे नाव सर्वांत सभ्य आणि म्हणूनच फसवे: नैसर्गिक वायू. तो कशापुढे नैसर्गिक? तर कारखान्यात कोळशापासून काढलेल्या गॅसपुढे. मुंबईतही एकोणिसाव्या शतकात रस्त्यावरचे दिवे असल्या गॅसवर जळत, परळ-लालबाग भागात गॅस कंपनीचा कारखाना होता. जमिनीतून थेट निघालेला वायू वेगळा ओळखता यावा एवढ्यासाठी ‘नैसर्गिक’ हे विशेषण लागले. कोळशाचा गॅस केव्हाच गेला, विशेषण राहिले आणि त्याला आरोग्याचा वास लागला. मुंबई हायमधून येणारा, पाइपने स्वयंपाकघरात आणि सीएनजी म्हणून रिक्षात जाणारा हा वायू बहुतांशी मिथेन आहे. (सिलिंडरमधला गॅस निराळा, तो प्रोपेन आणि ब्युटेन. मराठीत दोन्हीला ‘गॅस’च म्हणतात.) जळाला तर तो कोळशापेक्षा स्वच्छ, हे खरेच. पण न जळता गळाला, तर २० वर्षांच्या हिशेबात एक टन मिथेन ८० टनांहून अधिक कार्बन डायऑक्साइडइतकी उष्णता धरतो. विहिरीपासून शेगडीपर्यंतच्या वाटेत काही टक्के जरी निसटला, तरी कोळसा सोडल्याचा फायदा बराचसा पुसला जातो. ‘नैसर्गिक’ या शब्दाने ही गळती दीर्घकाळ झाकली, असे माझे स्पष्ट मत आहे.

आणि चौथे नाव आपले: गोबर गॅस. यावर थोडे थांबायला हवे.

मराठी माणूस शेणाला गोबर म्हणत नाही. त्याचा शब्द ‘शेण’. तो संस्कृत ‘छगण’वरून आला, गुजरातीतला ‘छाण’ त्याचाच भाऊ. मग शेणगॅस का नाही? कारण हे नाव सरकारी योजनेतून, हिंदीच्या वाटेने, खेड्यात आले. तरीही ते परके राहिले नाही, कारण त्याचे भावंड आपल्या अंगणात आधीपासून वाळत होते: गोवरी. प्राकृत ‘गोव्वर’वरून हिंदीत गोबर आणि मराठीत गोवर, गोवरी. एकाच शब्दाची दोन रूपे आणि शेणाच्या इंधनाचे दोन मार्गही. एक थापून, वाळवून धुरासकट जाळायचा, दुसरा आंबवून निळ्या ज्योतीने जाळायचा.

गोबर गॅसच्या या विद्येत मुंबईचा वाटा जुना आहे. एकोणिसाव्या शतकाच्या अखेरीस माटुंग्याच्या कुष्ठरुग्णालयात मैल्यापासून वायू काढून तो वापरला जात होता. जशभाई पटेल यांनी १९५०च्या दशकात तरंगत्या पिंपाचा संच ‘ग्रामलक्ष्मी’ या नावाने घडवला, पुढे खादी ग्रामोद्योग आयोगाने तो देशभर नेला. कोकणात आप्पासाहेब पटवर्धनांनी कणकवलीच्या गोपुरी आश्रमात मैल्याचे खत करण्याचा ध्यास घेतला. मैल्याच्या खताला मराठीत ‘सोनखत’ म्हणतात. ज्याला कुणी हात लावणार नाही त्या वस्तूला सोन्याचे नाव देणारी भाषा मला थोर वाटते. अलीकडे पुण्यात आनंद कर्वे यांनी उरलेल्या अन्नावर चालणारा छोटा संच केला, आणि भाभा अणुसंशोधन केंद्रात शरद काळे यांनी ‘निसर्गऋण’ हा प्रकल्प उभारला.

ज्यांच्या घरी तरंगत्या पिंपाचा संच होता त्यांना त्याची दिनचर्या सांगायला नको. सकाळी गोठ्यातले शेण कुंडीत टाकायचे, तेवढेच पाणी घालायचे, हाताने गुठळ्या फोडून काला करायचा, काडीकचरा वेचून बाजूला काढायचा आणि मग बोळा काढून तो काला आत सोडायचा. दुसऱ्या बाजूने तेवढीच स्लरी बाहेर पडते, तिला वास जवळजवळ नसतो, ती शेतात जाते. गॅस साठला की लोखंडी पिंप वर चढते, स्वयंपाक झाला की खाली बसते. किती गॅस आहे हे घरातली बाई लांबून पिंपाकडे बघूनच सांगते. अदृश्य वायूची उंची दिसावी अशी सोय यात आहे. आणि शेणातून हवेत गेला असता तो मिथेन इथे जळून कार्बन डायऑक्साइड होतो, म्हणजे त्याचा दाह कितीतरी पटींनी कमी होतो.

आता हवेतल्या हिशेबाकडे. वातावरणात मिथेन आहे हेच मुळी १९४८मध्ये कळले. बेल्जियन शास्त्रज्ञ मार्सेल मिझोत याने सूर्यप्रकाशाच्या वर्णपटात त्याची खूण ओळखली. ग्रीनलंड आणि अंटार्क्टिकाच्या बर्फात अडकलेल्या जुन्या बुडबुड्यांवरून कळते की औद्योगिक युगाच्या आधी हवेच्या दर अब्ज रेणूंत मिथेनचे सुमारे ७२० रेणू होते. आज ते १,९००च्या वर आहेत. गेल्या आठ लाख वर्षांत इतके कधीच नव्हते. माणसाने आजवर घडवलेल्या तापमानवाढीत मिथेनचा वाटा सुमारे अर्ध्या अंश सेल्सियसचा धरतात. शिवाय तो जमिनीलगत ओझोन तयार व्हायला हातभार लावतो, आणि तो ओझोन पिकांना आणि फुप्फुसांना बाधतो.

१९९९ ते २००६ या काळात मिथेनची पातळी जवळपास स्थिरावली होती. २००७पासून ती पुन्हा चढू लागली आणि २०२०-२१मध्ये मोजणी सुरू झाल्यापासूनची सर्वांत मोठी उडी पडली. या नव्या मिथेनमधला कार्बन वजनाने हलका आहे, आणि सूक्ष्मजीवांनी केलेल्या मिथेनची तीच ओळख. म्हणजे वाढीचा बराच भाग पाणथळी, गुरे, भात आणि कचरा यांतून येतो. उष्ण कटिबंधातल्या पाणथळी जास्त पाऊस आणि जास्त उष्णता मिळाली की जास्त मिथेन सोडतात, त्याने आणखी उष्णता वाढते. मला या साऱ्यात सर्वांत जास्त काळजी या चक्राची वाटते, कारण पाणथळीला झाकण घालता येत नाही.

हवेतला मिथेन संपवतो कोण? हायड्रॉक्सिल नावाचा अतिशय चळवळ्या कण. या नावाच्या शेवटच्या ‘इल’कडे बघा. तोच ग्रीक ‘हुले’, लाकूड. अ‍ॅरिस्टॉटलने ‘हुले’चा अर्थ मूलद्रव्य असा व्यापक केला होता, आणि रसायनशास्त्रात ‘इल’ तशा अर्थाने रुळला. मिथाइल आणि हायड्रॉक्सिल, मारला जाणारा आणि मारणारा, दोघांच्या नावात तेच लाकूड. हायड्रॉक्सिलमुळे मिथेनचा रेणू साधारण नऊ-दहा वर्षांत संपतो. २०२०च्या लॉकडाउनमध्ये वाहने थांबली, नायट्रोजनची ऑक्साइडे घटली, त्यामुळे हायड्रॉक्सिल थोडा कमी बनला आणि मिथेन जास्त टिकला. त्या वर्षीच्या उडीचे एक कारण संशोधकांनी हे सांगितले आहे. कार्बन डायऑक्साइड शतकानुशतके रेंगाळतो, मिथेन मात्र आज कमी सोडला तर त्याचा गुण दहा-पंधरा वर्षांत दिसतो. ज्यांनी तो कमी केला त्यांनाच.

भारताच्या मिथेनपैकी सुमारे तीन चतुर्थांश शेती आणि जनावरांचा. २०१९च्या पशुगणनेत गायी-म्हशी मिळून ३० कोटींवर होत्या. गाय मिथेन मागून सोडते असा सर्रास समज आहे, तो चुकीचा. जवळजवळ सगळा मिथेन तोंडावाटे, ढेकरेतून येतो. तो तयार होतो कोटीपोटात, रवंथ करणाऱ्या जनावराच्या पहिल्या मोठ्या कप्प्यात. ‘रवंथ’ हा संस्कृत ‘रोमन्थ’, आणि व्युत्पत्तीचे अभ्यासक त्याच्या शेजारी कोटीपोटाचे लॅटिन नाव ‘रूमेन’ ठेवतात. वाळका कडबा, भाताचा पेंढा एवढ्यावरच जनावर काढले तर चाऱ्यातली ताकद मिथेन होऊन वाया जाते. राष्ट्रीय डेअरी विकास मंडळाच्या समतोल आहाराच्या कार्यक्रमात दूध वाढले आणि मिथेन घटला. शेतकऱ्याला ‘हवामानासाठी कर’ असे सांगण्याची गरजच नाही, दुधासाठी कर म्हटले की पुरे.

भाताचेही तसेच. चिखलणी करून, पाणी बांधून ठेवलेले खाचर म्हणजे दोन-तीन महिन्यांची पाणथळच. मिथेन तिथे बुडबुड्यांनी कमी आणि रोपाच्या पोकळ नळ्यांतून जास्त वर येतो. पाणी आलटून पालटून आटू दिले तर तो बराच घटतो. पण हे कालव्याच्या भातात जमते. कोकणात आणि गोव्यात पाणी किती ठेवायचे ते पाऊसच ठरवतो.

ग्लासगोच्या २०२१च्या हवामान परिषदेत २०३०पर्यंत मिथेन ३० टक्के कमी करण्याची जागतिक प्रतिज्ञा झाली, तीत भारत सामील नाही. पर्यावरण अभ्यासक अनिल अगरवाल आणि सुनीता नारायण यांनी १९९१मध्ये जगण्यापुरते उत्सर्जन आणि चैनीचे उत्सर्जन असा भेद मांडला होता. दोन म्हशींवर घर चालवणाऱ्या कुटुंबाचा मिथेन आणि गळक्या वायुवाहिनीचा मिथेन एका तराजूत घालू नयेत, हे मला पूर्ण पटते. पण त्या युक्तिवादाच्या आडोशाला शहराचा कचरा बसू शकत नाही. तो कुणाच्याही जगण्याचा भाग नाही.

इथेही शब्दच बोलतात. खेड्यात ‘उकिरडा’ होता, संस्कृत ‘उत्कर’पासून आलेला, म्हणजे ढीग. पण तो पावसाआधी उपसून शेतात न्यायचा ढीग. शहराने त्याची ‘क्षेपणभूमी’ केली. क्षेप म्हणजे फेकणे. फेकले की विषय संपला. ओला कचरा प्लास्टिकखाली, मातीखाली दाबला गेला की हवा संपते आणि आत चिबड तयार होते. देवनारला १९२७पासून मुंबई कचरा टाकते आहे, २०१६मध्ये तिथे लागलेल्या आगीचा धूर उपग्रहांनी टिपला. कांजूरमार्गच्या कचराभूमीचा मिथेनही उपग्रहाने मोजला. २०२२मध्ये प्रसिद्ध झालेल्या अभ्यासात शहराच्या एकूण मिथेनपैकी सुमारे पाव हिस्सा एकट्या त्या जागेचा निघाला.

२०१६च्या घनकचरा नियमांनी ओला आणि सुका कचरा वेगळा देणे प्रत्येक घराला बंधनकारक केले. पाणथळ आपल्या हातात नाही, पाऊस नाही, खाणही नाही. भाजीची देठे, उरलेला भात, फळांच्या साली एवढे तरी वेगळे ठेवा, आणि सोसायटीत खत किंवा गॅसचा संच बसवण्याचा विषय पुढच्या सभेत तुम्हीच मांडा.